सोसायटीचे सभासदत्व : कायदा, कोर्ट आणि आपण



स्मरणिकेत धम्मक्रांतीचा इतिहास येतो, विहाराच्या उभारणीची हकिकत येते, आणि ती यायलाच पाहिजे. पण आपल्या समाजाचा आणखी एक इतिहास आहे. तो कुठल्याही स्मरणिकेत फारसा छापला जात नाही, कारण तो सोसायटीच्या ठराववहीत आणि उपनिबंधकाच्या कचेरीतल्या फायलीत पडून असतो. घर विकत घ्यायला निघालेल्या माणसाला 'तुम्ही आमच्या सोसायटीचे सभासद होण्यास पात्र नाही' असे सांगण्याचा हा इतिहास. पैसे आहेत, बँकेचे कर्ज मंजूर आहे, विकणारा तयार आहे, आणि तरी दार उघडत नाही. हे दार कुणी बसवले, त्याला कुलूप कुणी घातले आणि चावी कुणाकडे राहिली, हे आपल्या तरुण मंडळींना माहीत असावे म्हणून आम्ही हा लेख लिहायला घेतला.

सहकाराचा पहिला कायदा इंग्रज सरकारने १९०४ साली केला. तो शेतकऱ्यांच्या पतपेढ्यांसाठी होता. संस्था कुणी काढावी याबद्दल त्यात दोन रस्ते होते. एक, एकाच गावची किंवा जवळजवळच्या गावांची माणसे. आणि दुसरा, निबंधकाची मंजुरी असेल तर एकाच जमातीची, वर्गाची किंवा जातीची माणसे. म्हणजे बघा, सहकाराच्या पहिल्याच कायद्यात 'जात' हा शब्द छापील आहे! १९१२ च्या कायद्याने गृहनिर्माणासारख्या इतर संस्थांनाही रस्ता मोकळा केला, आणि पतपुरवठ्याच्या अमर्याद जबाबदारीच्या संस्थांच्या बाबतीत त्यातही जातीचा उल्लेख राहिलाच. सरकारचा हिशेब साधा होता. अमर्याद जबाबदारी म्हणजे एकाने कर्ज बुडवले तर बाकीच्यांनी भरायचे. तेव्हा एकमेकांना ओळखणारी, लग्नकार्यात एका पंगतीला बसणारी माणसे एकत्र आली तर पैसा बुडणार नाही. आता आपल्या देशात एका पंगतीला कोण बसतो हे काय सांगायला हवे?

याच वातावरणात १९१५ साली मुंबईत गावदेवीला सारस्वत सहकारी गृहनिर्माण संस्था नोंदली गेली. आपल्या देशातल्या सहकारी गृहनिर्माणाचा आरंभ तिच्यापासून धरतात. रावबहादूर श्रीपाद सुब्बराव तालमकी हे तिच्यामागचे कर्ते पुरुष. त्यांच्या नावाची तालमकीवाडी आजही ताडदेवला आहे. शहर सुधारणा ट्रस्टकडून जमीन भाडेपट्ट्याने घ्यायची, सभासदांनी भागभांडवल घालायचे, इमारत संस्थेची आणि राहणारा भाडेकरू-सभासद, अशी ती पद्धत. काम चोख होते, त्याचे श्रेय त्यांना दिलेच पाहिजे. घरमालकाच्या जाचातून पांढरपेशा कारकुनाला सोडवणारी ती योजना होती. पण ती एका समाजाची होती. पुढे गुजराती, पारशी, ख्रिस्ती, जो तो समाज आपापली सोसायटी काढू लागला. मुंबईच्या नकाशावर वाड्या आणि कॉलन्या उठल्या, आणि एकेका फाटकाच्या आत एकेक समाज राहू लागला.

आणि आपली माणसे? ती गिरणीत, गोदीत, रेल्वेत, म्युनिसिपालटीच्या सफाई खात्यात. भागभांडवलाला पैसा नाही, तारण ठेवायला काही नाही. राहायला बी.आय.टी. चाळी आणि नंतर बी.डी.डी. चाळी, एका खोलीत दोन-दोन बिऱ्हाडे. परमपूज्य बाबासाहेब स्वतः परळच्या बी.आय.टी. चाळीत कितीतरी वर्षे राहिले. गावदेवीची ती संस्था नोंदवून दोनच वर्षे झाली होती, तेव्हा १९१७ साली बाबासाहेब बडोदे संस्थानच्या नोकरीत रुजू झाले. अमेरिकेत आणि लंडनला शिकून आलेला हा माणूस, पण बडोद्यात त्यांना राहायला जागा मिळेना. एका पारशी वसतिगृहात त्यांनी पारशी नाव सांगून कसेबसे दिवस काढले. अकराव्या दिवशी लाठ्या घेतलेले लोक आले आणि त्यांना बाहेर काढले. एक हिंदू मित्र, एक ख्रिस्ती मित्र, दोघांनीही घरात घेण्याचे टाळले. मग कामाठी बागेत बसून वेळ काढला आणि रात्रीच्या गाडीने मुंबईला परतले. ही हकिकत त्यांनी स्वतः लिहून ठेवली आहे. पुढे १९३० च्या दशकात दादरच्या हिंदू कॉलनीत त्यांनी 'राजगृह' बांधले, त्यामागे पुस्तकांची हौस होती हे खरेच, पण स्वतःच्या नावाचे, कुणी बाहेर काढू शकणार नाही असे छप्पर ही गोष्ट काय असते हे बडोद्यात कळलेल्या माणसाने ते घर बांधले, हेही विसरू नये.

स्वातंत्र्य आले, घटना आली. १७ व्या कलमाने अस्पृश्यता संपवली. १९५५ साली अस्पृश्यता (अपराध) कायदा झाला. १९७६ साली त्याचे नाव नागरी हक्क संरक्षण कायदा असे बदलले. त्याच्या चौथ्या कलमात एक उपकलम आहे. अस्पृश्यतेच्या कारणावरून कुणालाही कुठल्याही वस्तीत राहते घर बांधण्यास, घेण्यास किंवा त्यात राहण्यास अडवणे हा गुन्हा आहे. मंदिर, पाणवठा, हॉटेल यांच्याबद्दल हा कायदा सगळ्यांना ठाऊक असतो. घराबद्दलही तो आहे हे आपल्यातल्या शिकलेल्यांनाही ठाऊक नसते. अडचण एवढीच की सोसायटीचा सेक्रेटरी कधी जात लिहून नकार देत नाही. तो म्हणतो, 'कमिटीची मीटिंग व्हायची आहे', 'फ्लॅट दुसऱ्याला शब्द दिलाय', 'आमच्याकडे सगळे शाकाहारी आहेत, तुम्हालाच अवघडल्यासारखं होईल'. एजंट तर आधी आडनाव विचारतो, आडनावावरून कळलं नाही तर गाव विचारतो, आणि गावावरूनही कळलं नाही तर 'घरी गणपती बसतो का' असं विचारतो.

महाराष्ट्राचा सहकारी संस्था कायदा १९६० सालचा. सहकाराचे जे जगन्मान्य तत्त्व आहे, म्हणजे सभासदत्व सर्वांना खुले असावे, ते या कायद्याच्या २३ व्या कलमात आले. पुरेशा कारणावाचून कुठल्याही संस्थेने पात्र माणसाला सभासदत्व नाकारू नये, असे हे कलम सांगते. वाचायला फार छान वाटते. पण नीट वाचा. पात्र म्हणजे कशानुसार पात्र? तर या कायद्यानुसार आणि संस्थेच्या उपविधींनुसार पात्र. म्हणजे दार खुले आहे, पण ज्याला उपविधी आत येऊ देतील त्याच्यासाठी. आणि उपविधी कोण करतो? जे आधीच आत आहेत ते. निबंधक त्यावर शिक्का मारतो. साऱ्या कोर्टकचेऱ्या शेवटी या एका जागी येऊन अडतात, म्हणून आम्ही ते पुन्हा सांगतो : खुल्या सभासदत्वाचे कुलूप कायद्यात नाही, उपविधीत आहे.

याचा कस लागला तो अहमदाबादच्या एका खटल्यात. तो जरा सविस्तर सांगायला हवा, कारण त्याचा निकाल आजही सगळ्यांच्या तोंडी फेकला जातो, पण वाचलेला फार थोड्यांनी असतो.

अहमदाबादला झोरोस्ट्रियन को-ऑपरेटिव्ह हाउसिंग सोसायटी ही पारशी बांधवांची संस्था १९२६ साली नोंदली गेली. तेव्हा गुजरात मुंबई इलाख्यातच होता, म्हणून नोंदणी १९२५ च्या मुंबई कायद्याखाली. कोचरब भागातली जमीन सरकारने भूसंपादन कायद्याने घेऊन संस्थेला दिली. ही गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे. सरकारी सत्तेने घेतलेल्या जमिनीवर ही संस्था उभी राहिली. संस्थेच्या सातव्या उपविधीप्रमाणे सभासदत्व पारशांपुरते होते. पुढे एका सभासदाला, ज्याला घर वडिलांकडून आले होते, आपली मालमत्ता पारशी नसलेल्या बिल्डरला विकायची होती. संस्थेने नकार दिला. भांडण सहकार खात्यापासून न्यायाधिकरणात आणि तिथून गुजरात हायकोर्टात गेले. हायकोर्टाचा कौल संस्थेच्या विरुद्ध गेला. मालमत्ता विकण्याच्या हक्कावर असे जातीचे बंधन घालता येणार नाही आणि खुल्या सभासदत्वाच्या कलमाशी ते जुळत नाही, असा त्याचा रोख होता. मग संस्था सुप्रीम कोर्टात गेली.

१५ एप्रिल २००५ रोजी न्यायमूर्ती बी. पी. सिंग आणि न्यायमूर्ती पी. के. बालसुब्रमण्यन यांच्या खंडपीठाने निकाल दिला, आणि तो संस्थेच्या बाजूने दिला. कोर्टाचे म्हणणे थोडक्यात असे. संस्था स्थापन करणे हा घटनेच्या १९ व्या कलमातला हक्क आहे, आणि कुणाबरोबर संस्था करायची हे ठरवणे त्या हक्कातच येते. जो सभासद होतो तो उपविधी मान्य करूनच होतो. तेव्हा त्याने स्वतःवर घालून घेतलेले बंधन नंतर त्याला झुगारता येणार नाही. घटनेच्या तिसऱ्या भागातले मूलभूत हक्क सरकारविरुद्ध आहेत, खाजगी सहकारी संस्थेविरुद्ध तसे उगारता येणार नाहीत. 'सार्वजनिक धोरणाविरुद्ध' म्हणाल तर ते धोरण सहकार कायद्यातच शोधले पाहिजे, आणि त्या कायद्यात असा उपविधी करायला मनाई नाही. मनाई हवी असेल तर ती विधिमंडळाने करावी, कोर्टाने नव्हे.

हा निकाल आल्यावर आपल्यातल्या काहींनी पारशी समाजाबद्दल कडवट शब्द काढले. आम्हांला ते पटत नाही. पारशी समाज संख्येने ओसरत चाललेला आहे, त्याला आपली वस्ती टिकवावीशी वाटते, यात न समजण्यासारखे काही नाही. आमचा आक्षेप वेगळा आहे. जे तत्त्व एका लहानशा समाजासाठी सांगितले, तेच तत्त्व उद्या गावातली सगळी जमीन, सगळी प्रतिष्ठा आणि सगळी ठराववही हातात असलेली जात वापरील. बलवानाने स्वतःभोवती घातलेले कुंपण आणि दुबळ्याने घातलेले कुंपण दिसायला सारखेच असते, पण त्यांचा परिणाम सारखा नसतो. कोर्टाने दोघांना एका मापाने मोजले. आणि 'मनाई विधिमंडळाने करावी' हे वाक्य आपल्या लोकप्रतिनिधींनी किती वेळा वाचले असेल, हा प्रश्न आम्ही इथे नुसता विचारून ठेवतो.

या निकालाच्या शेजारी दुसरा एक निकाल ठेवून वाचावा. घटनेचे पंधरावे कलम, त्यातला दुसरा खंड म्हणतो की दुकाने, हॉटेले, करमणुकीच्या जागा, पाणवठे इथे धर्म, वंश, जात, लिंग, जन्मस्थान यावरून कुणाला अडवता येणार नाही. हे बंधन सरकारवरच नाही, सामान्य माणसावरही आहे. घटना समितीत २९ नोव्हेंबर १९४८ रोजी यावर चर्चा झाली तेव्हा 'दुकान' म्हणजे काय असे विचारले गेले. बाबासाहेबांनी उत्तर दिले की हा शब्द व्यापक अर्थाने घ्यायचा; मोबदला घेऊन जो जो सेवा देतो तो त्यात आला. २०११ साली इंडियन मेडिकल असोसिएशनच्या खटल्यात सुप्रीम कोर्टाने याच उत्तराच्या आधाराने 'दुकान' शब्दाचा अर्थ रुंद केला. तो खटला कॉलेज प्रवेशाचा होता, घराचा नव्हता. पण बिल्डर फ्लॅट विकतो, एजंट दलाली घेतो, हे धंदे नाहीत तर काय आहे? ज्या वकील मंडळींना समाजासाठी काही करायचे आहे त्यांना इथे काम आहे.

आता नाण्याची दुसरी बाजू. ती सांगितली नाही तर लेख अर्धा राहील.

बाबासाहेबांनी स्वतःच वेगळ्या वसाहतींची मागणी केली नव्हती काय? केली होती. जुलै १९४२ मध्ये नागपूरला अखिल भारतीय दलित वर्ग परिषद झाली, तिथे दलितांची स्वतंत्र गावे वसवण्याचा ठराव झाला. १९४७ साली घटना समितीपुढे ठेवण्यासाठी त्यांनी जे निवेदन लिहिले त्यातही पडीक सरकारी जमिनीवर वसाहती करणारे मंडळ नेमावे असे आहे. काही लोक याचा आधार घेऊन म्हणतात, 'मग पारशांची सोसायटी चालते तर बौद्धांची का नको?' आमचे उत्तर असे की बाबासाहेबांची मागणी कुणाला बाहेर ठेवण्यासाठी नव्हती. गावकुसाबाहेर राहून गावाच्या तुकड्यावर जगणाऱ्याला त्या तुकड्यातून सोडवण्यासाठी होती. तरीही प्रश्न उरतोच, आणि तो आपल्या दारात येऊन उभा आहे.

स्वातंत्र्यानंतर सरकारने मागासवर्गीयांच्या सहकारी गृहनिर्माण संस्थांसाठी योजना आणली. महायुद्धोत्तर पुनर्रचनेतली ही २१९ क्रमांकाची योजना. जुने लोक तिला अजून 'पी.डब्ल्यू.आर. दोनशे एकोणीस' म्हणतात. सवलतीत जमीन, कर्जाला मदत, आणि अट अशी की बहुसंख्य सभासद मागासवर्गीय असावेत, थोडे इतर. या योजनेतून मुंबई-पुण्यापासून जिल्ह्याच्या गावांपर्यंत आपल्या लोकांच्या सोसायट्या उभ्या राहिल्या. चाळीच्या एका खोलीतून दोन खोल्यांच्या ब्लॉकमध्ये गेलेली पहिली पिढी याच संस्थांमधली. त्यांनी खाल्लेल्या खस्तांबद्दल वेगळा लेख व्हायला हवा.

पण पात्रतेची भांडणे इथेही झाली. पहिले भांडण दाखल्याचे. १४ ऑक्टोबर १९५६ नंतर आपण बौद्ध झालो. १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशात मात्र अनुसूचित जातीचा माणूस हिंदू असावा अशी अट होती. १९५६ साली शीखांचा समावेश झाला, बौद्धांचा झाला नाही. महाराष्ट्र सरकारने १९६० साली नवबौद्धांना राज्यापुरत्या सवलती दिल्या. केंद्राने कायदा दुरुस्त केला तो १९९० साली, म्हणजे धम्मदीक्षेनंतर चौतीस वर्षांनी. मधल्या काळात कितीतरी घरांत 'दाखल्यावर काय लिहायचं' यावरून बाप-लेकांत वाद झाले. मनाने बौद्ध आणि कागदावर हिंदू, अशी कसरत आपल्या लोकांना करावी लागली. ती त्यांनी लाजेने केली असेल. पण लाज सरकारला वाटायला हवी होती.

दुसरे भांडण विक्रीचे. पोरीचं लग्न, आजारपण, गिरणी बंद पडली, अशा कारणाने सभासद आपली खोली कुलमुखत्यारपत्रावर दुसऱ्याला देतो. घेणारा मागासवर्गीय नसतो. सरकारी सवलतीच्या जमिनीवरचे हस्तांतरण शासनाच्या परवानगीशिवाय होत नाही, म्हणून तो सभासद होऊ शकत नाही. मूळ सभासद वारतो. मग एका बाजूला पैसे मोजून वीस वर्षे राहिलेला माणूस आणि दुसऱ्या बाजूला भाग दाखल्यावर नाव असलेल्याचे वारस, असे दोघे उपनिबंधकासमोर उभे. अशा प्रकरणात आपलीच माणसे दोन्ही बाजूंना असतात. आम्हांला वाटते, अट चुकीची नाही. अट नसती तर या जमिनी केव्हाच हातातून गेल्या असत्या. पण अडल्या-नडल्याला कायदेशीर रीतीने, आपल्याच समाजातल्या गरजूला, रास्त भावात खोली विकता येईल अशी सोय संस्थांनी वेळेवर केली नाही, हा दोष संस्था चालवणाऱ्यांचा आहे.

गुजरातेत आणखी वेगळे घडले. अहमदाबादेत १९८१ आणि १९८५ साली राखीव जागांविरुद्ध दंगली झाल्या. त्यानंतर शिकलेल्या, नोकरदार दलित कुटुंबांनी चांदखेडा भागात आपल्या वेगळ्या सोसायट्या केल्या. इतरांच्या सोसायटीत जागा मिळत नव्हती आणि मिळाली तरी दंगलीच्या रात्री झोप लागत नव्हती. ही निवड होती की नाइलाज, हे तिथे राहणाऱ्यालाच विचारावे.

आता व्यवहाराचे. महाराष्ट्रात आज सभासदत्व अडवले तर काय करायचे ते सांगतो. अर्ज तोंडी करू नका. ठरावीक नमुन्यात लेखी करा, पोच घ्या, पोच देत नसतील तर रजिस्टर्ड पोस्टाने पाठवा. सहकार कायद्याच्या २२ व्या कलमाप्रमाणे संस्थेने तीन महिन्यांच्या आत निर्णय कळवला पाहिजे, आणि नकार असेल तर कारणांसह कळवला पाहिजे. तीन महिने काहीच कळवले नाही तर अर्जदार सभासद झाला असे कायदा मानतो. याला मानीव सभासद म्हणतात. संस्था अर्जच घेत नसेल तर तो पैशांसह निबंधकाकडे द्यायचा. निबंधकाने तो तीस दिवसांत संस्थेकडे पाठवायचा, आणि तो मिळाल्यापासून साठ दिवस संस्था गप्प बसली तरी अर्जदार सभासद होतो. नकार आला तर निर्णयापासून साठ दिवसांत निबंधकाकडे अपील. हे साठ दिवस फार महत्त्वाचे. 'बघू, बोलू, मिटेल' म्हणता म्हणता ते निघून जातात. आदर्श उपविधींप्रमाणे हस्तांतरणाला सोसायटीचा ना-हरकत दाखला लागत नाही. महापालिका क्षेत्रात हस्तांतरण अधिमूल्य २५,००० रुपयांपेक्षा जास्त मागता येत नाही. त्याहून वर 'बिल्डिंग फंड' म्हणून मागितले तर पावती मागा, मागणारा पुष्कळदा तिथेच थांबतो.

२०१९ साली गृहनिर्माण संस्थांसाठी कायद्यात स्वतंत्र प्रकरण घातले गेले. त्यात तात्पुरता सभासद ही नवी सोय आहे. सभासद वारल्यावर नामनिर्देशित व्यक्तीला तात्पुरते सभासद करून घेतात. खरा वारस कोण हे कायदेशीर कागदांवरून ठरेपर्यंत. नॉमिनेशन म्हणजे मालकी नव्हे, हे आपल्या आयाबहिणींना कुणी सांगत नाही. आणि ज्यांच्या घरी नॉमिनेशनच भरलेले नाही त्यांचे हाल तर बघवत नाहीत. फॉर्म भरायला एक संध्याकाळ पुरते.

सध्या पी.डब्ल्यू.आर. च्या जुन्या इमारतींच्या पुनर्विकासाची बोलणी ठिकठिकाणी चालू आहेत. नव्या इमारतीत जादा फ्लॅट निघतील, आणि त्या फ्लॅटचे सभासद कोण हा जुनाच प्रश्न नव्याने येईल. उपविधी बदलायचा तर त्यासाठी सर्वसाधारण सभेत हजर असलेल्यांच्या दोन-तृतीयांश मतांनी ठराव व्हावा लागतो आणि निबंधकाकडे त्याची नोंदणी व्हावी लागते. सभेची नोटीस जिन्याखालच्या फळ्यावर लागते, आणि बहुतेक वेळा ती लागलेली आहे हे आपल्याला सभा होऊन गेल्यावर कळते.